काळी पेटी आणि कणगीतली टोपी

आमच्या घरात पलंगाखाली एक काळी लोखंडी पेटी आहे. झाकणावर पांढऱ्या रंगात आधी नंबर, मग हुद्दा आणि शेवटी आबांचं नाव. लहानपणी आबा रजेवर आले की ही पेटी एसटीच्या टपावरून उतरायची आणि अर्धी आळी मागोमाग घरात शिरायची. आबा मराठा लाइट इन्फन्ट्रीत होते, सुभेदार म्हणून निवृत्त झाले. आजोबाही पलटणीतच होते. साताऱ्याकडच्या आमच्या गावात फौज ही बातमी नव्हती, घरोघरची शेती होती. काही पोरं रानात जात, काही भरतीला जात. त्यामुळे सैनिक या शब्दात भिण्यासारखं काही असू शकतं, हे माझ्या गावीही नव्हतं.

ते कळलं आजोळी. आई सोलापूरची. तिची आई, म्हणजे माझी आज्जी, १९३० साली आठ वर्षांची होती. सुट्टीत आम्ही गेलो की ती ज्वारी काढायला कणगीत हात घालायची आणि दरवेळी तेच सांगायची, "ह्यात आमच्या बापाची टोपी होती बघ. महिनाभर ज्वारी काढताना आई हात जपून घालायची, टोपी वर येईल म्हणून." टोपी म्हणजे गांधी टोपी. त्या मे महिन्यात सोलापुरात ती डोक्यावर असणं हा गुन्हा होता.

गांधीजींना मेच्या पहिल्या आठवड्यात अटक झाली आणि सोलापूर पेटलं. गिरण्या बंद पडल्या, गोळीबार झाला, पोलीस चौकीवर जमाव चालून गेला. तीन-चार दिवस रस्त्यावर पोलीसच नव्हते. शहराची व्यवस्था स्वयंसेवक बघत होते. मग १२ मेला मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा, पुकारला गेला आणि लष्कर आलं. तो जूनअखेरीपर्यंत होता. टोप्या उतरवल्या गेल्या, झेंडा हातात दिसला तर सक्तमजुरी. पोलिसांच्या खुनाच्या आरोपावरून मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन या चौघांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्यात फाशी दिली. त्यांचे पुतळे आहेत त्या चौकाला सोलापूरकर आजही चार पुतळ्यांचा चौक म्हणतात. आज्जी मात्र चौघांबद्दल फार बोलायची नाही, तिला हुंदका यायचा. ती टोपीबद्दल बोलायची. "शिपायांनी कणगीत बोट घातलं असतं तर?" एवढंच.

वडिलांकडून फौज आणि आईकडून मार्शल लॉ, अशी माझी वाटणी. घरात या दोन गोष्टी कधी समोरासमोर आल्या नाहीत. आज्जी जावयाला पाटावर बसवून वाढायची आणि जावई तिच्या पाया पडायचे. त्या दोघांच्या मनात काय होतं, मला विचारायचं सुचलं नाही.

वकिली शिकताना दुसऱ्या वर्षाला घटनेचा इतिहास होता. त्यात १६८९ सालचा इंग्लंडचा हक्कांचा कायदा आला. एक वाक्य वाचून मी थांबले. शांततेच्या काळात, संसदेच्या संमतीवाचून, राज्यात खडी, म्हणजे कायमची, फौज उभारणं किंवा बाळगणं हे कायद्याविरुद्ध आहे. आधी रागच आला. ज्यांच्या फौजांनी निम्मं जग ताब्यात घेतलं ते स्वतःच्या घरात फौज बाळगायला भीत होते? आणि फौजेची भीती ही स्वातंत्र्याच्या यादीत, छळाच्या आणि बेकायदा करांच्या शेजारी? मला वाटलं, हे माझ्या आबांविषयी लिहिलंय. म्हणून मी मागे मागे वाचत गेले. ते वाचन अजून संपलेलं नाही.

त्या वाक्यामागे साठ वर्षांचा जाच होता. १६२८ साली पहिल्या चार्ल्स राजापुढे संसदेने जो हक्कांचा अर्ज ठेवला, त्यात मुख्य गाऱ्हाणी चार. संमतीवाचून पैसा उकळू नका, कारण न सांगता कैद करू नका, लोकांच्या घरात शिपाई उतरवू नका, शांततेत लष्करी कायदा चालवू नका. चारांतली दोन फौजेची. राजाची युद्धं फसली होती, शिपायांचा पगार थकला होता आणि त्यांना बराकी नव्हत्या. मग त्यांना गावकऱ्यांच्या घरात उतरवलं जायचं. ज्या घरधन्याने राजाला सक्तीचं कर्ज द्यायला नकार दिला, त्याच्या ओसरीवर तर ते हमखास येत. विचार करा, चुलीपाशी परका हत्यारी माणूस बसलाय, त्याला जेवायला तुम्ही घालायचं आणि तक्रार कुणाकडे करायची ते ठाऊक नाही.

आपल्याला हे परकं वाटायला नको. चिपळूणजवळ छावणी करून राहिलेल्या आपल्याच घोडदळाला शिवाजी महाराजांनी लिहिलेलं पत्र मराठी माणसाला माहीत असतं. रयतेकडून दाणे, गवत, भाजी काही ओरबाडून आणू नका, नाहीतर लोक म्हणतील की मोगल मुलखात आले त्याहून तुम्ही वाईट. त्या पत्रात गंजी पेटू नयेत म्हणून रात्रीचे दिवे विझवण्यापर्यंतची काळजी आहे. मी ते जेव्हा जेव्हा वाचते तेव्हा भरून येतं. आणि वकील म्हणून लगेच पुढचा प्रश्न पडतो. असं पत्र लिहिणारा राजा नसेल तेव्हा काय? इंग्लंडच्या त्या संसदेपुढे नेमका हाच प्रश्न होता. त्यांच्या वाट्याला असं पत्र लिहिणारा राजा आला नव्हता, म्हणून त्यांना ते पत्र कायद्यात लिहून घ्यावं लागलं.

आणि राजाला हटवून प्रश्न सुटला नाही, हा या गोष्टीतला मला सगळ्यात जास्त हलवणारा भाग. राजाशी लढायला १६४५ साली संसदेने स्वतःची नव्या धर्तीची फौज उभी केली. शिस्तीची, नियमित पगाराची, हुद्दा घराण्यावर नाही तर कर्तबगारीवर देणारी. ती जिंकली. मग डिसेंबर १६४८ मध्ये त्याच फौजेतल्या कर्नल प्राइडने संसदेच्या दारात उभं राहून कुणाला आत सोडायचं ते ठरवलं. २० एप्रिल १६५३ ला त्या फौजेचा सेनापती क्रॉमवेल बंदूकधारी शिपाई घेऊन सभागृहात शिरला आणि उरलेल्यांनाही बाहेर काढलं. १६५५ मध्ये देशाचे विभाग पाडून प्रत्येकावर एक मेजर-जनरल बसवला. दारूचे गुत्ते बंद, घोड्यांच्या शर्यती बंद, राजाच्या जुन्या पक्षकारांवर उत्पन्नाचा दहावा हिस्सा कर. ही माणसं चोर नव्हती. देवभीरू होती, स्वातंत्र्यासाठी रक्त सांडलेली होती. त्यांना खरंच वाटत होतं की आपण लोकांचं भलं करतोय. इंग्रज माणसाला तेव्हापासून उमगलं की फौज कुणाची आणि तिचा हेतू किती चांगला, यावर भरवसा ठेवून भागत नाही.

पुढे राजेशाही परत आली. दुसरा जेम्स राजा दर उन्हाळ्यात लंडनच्या उंबऱ्यावर, हाऊन्स्लोच्या माळावर, हजारोंची छावणी टाकायचा. शहराला धाक बसावा हा हेतू. पण १६८८ च्या जूनमध्ये राजाने खटला भरलेले सात बिशप निर्दोष सुटले, तेव्हा त्या छावणीतून जल्लोष उठला. राजा त्या दिवशी तिथेच होता. हा कसला आवाज, असं त्याने विचारल्यावर कुणीसं म्हणालं, काही नाही, बिशप सुटले म्हणून शिपाई आनंद करताहेत. हा प्रसंग मी आबांना सांगितला तेव्हा ते कितीतरी वेळ हसत होते. "काही नाही म्हणे!" मग गंभीर होऊन म्हणाले, "पोरगी, शिपाई कुठून येतो? गावातूनच ना?"

राजा पळाला, विल्यम आणि मेरी गादीवर आले आणि ते वाक्य लिहिलं गेलं. पण नुसतं वाक्य लिहून काय होतं? खरी करामत त्याच वसंतात झाली. हॉलंडला जायचा हुकूम झालेल्या एका रेजिमेंटने इप्सविचला बंड केलं. शांततेच्या काळात, आपल्याच भूमीवर, पळालेल्या किंवा बंड केलेल्या शिपायाला लष्करी कोर्टापुढे उभं करण्याची सोय देशाच्या कायद्यात नव्हती. संसदेने तसा अधिकार देणारा कायदा केला, पण काही महिन्यांपुरताच. मुदत संपली की पुन्हा संसदेपुढे यायचं. पुढे तो वर्षावर्षाने होऊ लागला आणि ही रीत जवळजवळ दोनशे वर्षं चालली. संसद एक वर्ष बसलीच नाही तर? तर फौजेची शिस्त कायद्याने संपली, आणि पगाराला मंजुरी नाही म्हणून पैसाही संपला. राजाला संसद टाळता येईना. माझ्या वकिली आयुष्यात इतकी देखणी कायद्याची खुंटी मी दुसरी पाहिली नाही. फौज नको असं त्यांनी म्हटलं नाही. फौजेच्या गळ्यात दिनदर्शिका बांधली.

याच सुमाराला, त्या कायद्याच्या पाच वर्षं आधी, असाच एक प्रकार आपल्या मुंबईत घडला होता. तो शाळेत कुणी शिकवत नाही याचं मला वाईट वाटतं. ईस्ट इंडिया कंपनीने काटकसर म्हणून मुंबई बेटावरच्या शिबंदीचा पगार आणि संख्या कापली. शिबंदीचा प्रमुख रिचर्ड किग्विन याने २७ डिसेंबर १६८३ ला डेप्युटी गव्हर्नर चार्ल्स वॉर्डला कैद केलं, कंपनीची सत्ता झुगारली आणि राजाच्या नावाने बेट ताब्यात घेतलं. जवळजवळ वर्षभर मुंबईवर एका कॅप्टनचं राज्य होतं. संभाजी महाराजांशीही त्याने बोलणी करून तह केला. नोव्हेंबर १६८४ मध्ये माफीच्या बोलीवर त्याने किल्ला सोडला. त्याने कारभार बरा केला असं इतिहासकार म्हणतात, आणि शिपायांचं गाऱ्हाणंही खरं होतं. तरी बेटावरच्या कोळ्याला, भंडाऱ्याला, व्यापाऱ्याला त्या वर्षी कुणी विचारलं नाही की तुमच्यावर राज्य कुणी करायचं. कंपनीने आधी तरी कुठे विचारलं होतं म्हणा.

पण वादाला खरा रंग चढला १६९७ साली. फ्रान्सशी नऊ वर्षं चाललेलं युद्ध संपलं आणि विल्यमला मोठी फौज ठेवायची होती. जॉन ट्रेंचर्ड आणि त्याच्या मित्रांनी पत्रकं काढली की खडी फौज आणि स्वतंत्र राज्य एका घरात नांदूच शकत नाहीत. रोमपासूनचे दाखले दिले. हत्यार स्वतःच्या शेताचं रक्षण करणाऱ्या नागरिकाच्या हातात हवं, पगारी माणसाच्या नव्हे. उत्तर दिलं डॅनियल डिफोने, जो पुढे कादंबरीकार म्हणून जगाला ठाऊक झाला. त्याचं बोट कायद्यातल्या दोन शब्दांवर होतं, "संसदेच्या संमतीवाचून". संमती असेल तर? शेजारी राजे लाखालाखांच्या कसलेल्या फौजा ठेवतात, तिथे रविवारी कवायत करणारे शेतकरी काय पुरणार? पैशाची थैली संसदेच्या हातात राहू द्या, तलवार राजाच्या हातात असली तरी चालेल.

माझं मन ट्रेंचर्डकडे ओढतं आणि बुद्धी डिफोकडे. ट्रेंचर्डचा नागरिक म्हणजे जमीनदार होता. त्याच्या रानात राबणाऱ्याला हत्यार द्यायचं त्याच्या मनात नव्हतं. आमच्या गावातल्या भूमिहीनाच्या पोराला पोटाला आणि मानाला जर कशाने लावलं असेल तर पगारी फौजेने. हे मी विसरू शकत नाही. संसदेने मात्र तेव्हा ट्रेंचर्डचं ऐकलं. फौज आधी दहा हजारांवर आणली, मग १६९९ मध्ये इंग्लंडपुरती सात हजारांवर, तीही देशातच जन्मलेल्यांची. विल्यमला हॉलंडहून आणलेले आपले निळ्या गणवेशातले विश्वासू रक्षक परत पाठवावे लागले. त्याने स्वतः लिहून विनवणी केली. संसदेने नाही म्हटलं. ज्याने त्यांना वाचवलं त्यालाच नाही म्हटलं. काही वर्षांतच पुन्हा युद्ध लागलं आणि फौज पुन्हा वाढली हे खरं. पण वाढली ती विचारून.

त्याच इंग्रजांनी हा धडा समुद्रापार पाळला नाही. १ ऑक्टोबर १७६८ ला अमेरिकेतल्या वसाहतीत, बोस्टनमध्ये, त्यांच्या रेजिमेंट उतरल्या. पंधरा-सोळा हजार वस्तीचं गाव, युद्ध नाही, शत्रू नाही. शिपायांचा पगार इतका तुटपुंजा की फावल्या वेळात ते कामं शोधत, आणि त्यामुळे गावातल्या मजुरांची मजुरी पडली. १७७० च्या मार्चमध्ये एक शिपाई दोरखंडाच्या कारखान्यात काम मागायला गेला. तिथल्या कामगाराने त्याला म्हटलं, काम हवं ना, मग माझा संडास साफ कर. त्यावरून मारामाऱ्या झाल्या. तीन दिवसांनी, ५ मार्चच्या रात्री, बर्फात, शिव्यांच्या आणि हिमगोळ्यांच्या माऱ्यात उभ्या शिपायांनी गोळ्या झाडल्या. पाच माणसं गेली. पहिला पडला तो क्रिस्पस अ‍ॅटक्स, आफ्रिकी आणि मूळनिवासी वंशाचा खलाशी.

शिपायांचं वकीलपत्र जॉन अ‍ॅडम्सने घेतलं, जो स्वतः ब्रिटिश धोरणाच्या विरोधात होता आणि पुढे अमेरिकेचा दुसरा अध्यक्ष झाला. कॅप्टन सुटला, आठांपैकी सहा शिपाई सुटले, दोघांच्या अंगठ्यावर डाग दिला गेला. अ‍ॅडम्स कोर्टात म्हणाला की दाट वस्तीत ठेवलेले शिपाई एक दंगल थांबवतात तेव्हा दोन दंगली पैदा करतात. आपल्याच अशिलांच्या बचावात हे तो बोलला! दोष या पोरांचा नाही, त्यांना इथे आणून उभं करणाऱ्याचा आहे. हे वाचलं तेव्हा माझा १९ वर्षांच्या वयातला राग उतरला. आबांवर कुणी बोट ठेवलेलंच नव्हतं.

अमेरिकेने हा धाक इतका मनात धरला की इंग्रजांशी स्वातंत्र्याचं युद्ध जिंकल्यावर, १७८४ मध्ये, फौज ८० माणसांवर आणली. ५५ वेस्ट पॉइंटला, २५ फोर्ट पिटला, कोठारांच्या राखणीला. ते चाललं नाही, चालणारही नव्हतं. मग घटनेत लिहिलं की फौजेसाठी पैसा दोन वर्षांहून जास्त मुदतीचा मंजूर करता येणार नाही. आणि १७९१ च्या दुरुस्त्यांत एक छोटंसं कलम, शांततेत घरधन्याच्या संमतीवाचून कुणाच्या घरात शिपाई उतरवायचा नाही. चार्ल्सच्या काळातली ती चुलीपाशीची तक्रार अखेर तिथे पोहोचली.

आपल्याकडे काय? १८८५ च्या डिसेंबरात मुंबईला, गोकुळदास तेजपाल संस्कृत कॉलेजात, काँग्रेसचं पहिलं अधिवेशन भरलं. तिथल्या मोजक्या ठरावांत एक होता, की लष्करी खर्चातली नियोजित वाढ अनावश्यक आहे आणि देशाचं उत्पन्न पाहता अतोनात आहे. गोखल्यांनी हेच १८९७ मध्ये हिंदुस्थानच्या खर्चाची चौकशी करणाऱ्या वेल्बी कमिशनपुढे आकड्यांनिशी मांडलं. सरकारने ऐकून घेतलं, इतकंच. १९१९ च्या सुधारणांनंतरही संरक्षण खर्चावर हिंदी सभासदांना मत देता येत नव्हतं, बोलताही येई ते परवानगीने. ज्या लोकांनी थैलीच्या दोरीसाठी स्वतःच्या राजाला घालवलं, त्यांनी ती दोरी आमच्या हाताला लागू दिली नाही. सोलापूरच्या रस्त्यावर १९३० मध्ये उतरलेली फौज आज्जीच्या बापाच्या पैशावर आली होती. त्याला कुणी विचारलं नव्हतं.

आज दोरी आपल्याच हातात आहे. संरक्षणाचा पैसा दरवर्षी लोकसभेने मंजूर करायचा असतो. पण कित्येक वर्षी त्या मागण्या चर्चेविनाच, गिलोटिन लावून, म्हणजे वेळ संपली म्हणून एकदम मताला टाकून, मंजूर होतात. मला हे फार लागतं. आमचा १९५० चा लष्कर कायदा वर्षावर्षाने नवा करावा लागत नाही, म्हणजे इंग्लंडच्या दोन खुंट्यांपैकी एकच आपण घेतली. निदान तिच्यापाशी तरी उभं राहून प्रश्न विचारावेत, शिपायाच्या बुटांपासून पेन्शनपर्यंत. सैन्यावर प्रेम आहे म्हणणाऱ्यांनी तर आधी. आणि ईशान्येच्या काही भागांत व काश्मिरात सैन्याला विशेषाधिकार देणारा जो कायदा आहे, त्याची मुळं १९४२ च्या ब्रिटिश अध्यादेशात आहेत. केंद्राच्या परवानगीवाचून तिथल्या जवानावर खटला भरता येत नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये तो कायदा वैध ठरवला, पण भाग अशांत जाहीर केला तर दर सहा महिन्यांनी फेरविचार करा असं बजावलं. पुन्हा दिनदर्शिका. तिथली एखादी आजी कणगीत काय लपवत असेल, हा विचार मला सुभेदाराची मुलगी असूनही सोडत नाही. सुभेदाराची मुलगी आहे म्हणून जास्तच.

हे सगळं मी आबांना मागच्या दिवाळीत सलग सांगितलं. ते ८३ वर्षांचे आहेत, कान थोडे कमी झालेत. बोस्टनचं ऐकताना त्यांनी मध्येच विचारलं, "पगार किती होता त्या पोरांना?" मग बराच वेळ गप्प बसले. आणि मी आयुष्यात कधी न ऐकलेलं सांगू लागले.

ऐंशीच्या दशकात त्यांची पलटण उत्तरेतल्या एका शहरात दंगलीच्या ड्यूटीला बोलावली होती. संचारबंदी. बंद दुकानांची रांग, मधोमध एक चप्पल पडलेली. पलीकडच्या तोंडाला जमाव. "सीमेवर भीती वाटते ती वेगळी," आबा म्हणाले. "तिथं समोरचा आपल्यासारखं बोलत नाही." बरोबर आलेला मॅजिस्ट्रेट अगदी पोरसवदा होता. घाबराघुबरा होऊन म्हणाला, करा ना काहीतरी. पण कंपनी कमांडर साहेब हलेनात. त्यांनी जीपच्या बॉनेटवर छापील कागद ठेवला आणि म्हणाले, आधी लिहून द्या. मॅजिस्ट्रेटचा हात इतका थरथरत होता की पेन चालेना. साहेबांनी खिशातलं आपलं पेन दिलं. त्याने नाव लिहिलं, सही केली, कागद पुढे केला.

"आम्ही सगळे रायफली धरून उभे. जमावातलेही बघायला लागले की हे लिहितायत काय. साहेबांनी कागद पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. सावकाश. आणि परत त्याच्या हातात दिला."

"का?"

"वेळ घातली नव्हती. साहेब म्हणाले, वेळ लिहा."

आबांनी मनगट वळवून, घड्याळ नसलेल्या जागी बघितलं.

"चार वाजून वीस मिनिटं."